पगारी रजा: खान्देशातल्या कामगारांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जळगावच्या एमआयडीसीत मी बावीस वर्षं टाइम ऑफिसात काढली. हजेरी, पगार, रजेचं रजिस्टर सगळं हातून गेलं. आता नोकरी नाही, पण प्रश्न थांबलेले नाहीत. डिसेंबर-जानेवारीत आणि आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आधी फोन सगळ्यात जास्त येतात. पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. उत्तर दुसऱ्या प्रश्नात आलं असेल तिथे फक्त त्याचा क्रमांक दिला आहे.

खाली "जुना कायदा" म्हणजे कारखाने अधिनियम १९४८. "नवी संहिता" म्हणजे व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कामाची स्थिती संहिता २०२०. ही २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली.

१. पगारी रजा म्हणजे नेमकी कोणती? रविवारची सुट्टी आणि सणाची सुट्टी त्यातच धरतात का?

नाही. रविवारची (किंवा तुमच्याकडे जो वार असेल त्याची) साप्ताहिक सुट्टी वेगळी आणि २६ जानेवारी, १५ ऑगस्टसारख्या सुट्ट्या वेगळ्या. पगारी रजा तुम्ही काम करून कमावलेली असते, म्हणून तिला अर्जित रजा किंवा हक्काची रजा म्हणतात. पगार स्लिपवर ती पीएल किंवा ईएल या नावाने दिसते. "मालकाने रजा दिली" हे वाक्य मला नेहमी खटकतं. वीस दिवस राबल्यावर एक दिवस तुमच्या खात्यात पडतो. तो तुमच्या मजुरीचाच भाग आहे.

२. आमच्या दालमिलमध्ये १४ जण आहेत. आम्हाला हा कायदा लागू होतो का?

होतो. नव्या संहितेत १० किंवा जास्त कामगार असलेली आस्थापना येते. जुन्या कायद्यातही विजेवर चालणाऱ्या कारखान्याला १० चीच अट होती. जिनिंग (कापसातून सरकी वेगळी काढणारा कारखाना), दालमिल, ऑइल मिल, पाइप आणि ठिबकचे कारखाने, सूतगिरणी, साखर कारखाना हे सगळे यात बसतात.

तुम्ही सुपरवायझर असाल आणि वेतन महिना १८,००० रुपयांच्या वर असेल, तर संहितेच्या व्याख्येत तुम्ही "कामगार" ठरत नाही. तुमची रजा नेमणूक पत्रात लिहिलेली असेल त्याप्रमाणे. पण नुसतं "सुपरवायझर" नाव दिलं म्हणून कोणी सुपरवायझर होत नाही. दिवसभर स्वतः मशीनवर उभे राहत असाल तर नाव काहीही असो, काम कोणतं करता ते बघतात.

रेल्वे, आयुध निर्माणी, एसटी, शासकीय नोकरी यांचे रजेचे नियम स्वतंत्र आहेत. भुसावळ आणि वरणगावकडून येणाऱ्या बऱ्याच प्रश्नांचं उत्तर म्हणूनच इथे सापडणार नाही.

३. रजेसाठी २४० दिवस भरावे लागतात की १८०? ऑफिसवाले अजून २४० म्हणतात.

जुन्या कायद्यात २४० होते. एका कॅलेंडर वर्षात २४० दिवस काम केलं, तर पुढच्या वर्षी रजा मिळायची. नव्या संहितेत त्याच कॅलेंडर वर्षात १८० दिवस काम झालं की हक्क तयार होतो. वर्ष जानेवारी ते डिसेंबर असंच धरायचं. मार्चअखेरचं आर्थिक वर्ष धरायचं नाही.

हा बदल छोटा नाही. महिन्याला १६-१७ दिवस काम मिळणारा माणूस वर्षाला २०० च्या आसपास थांबायचा आणि त्याला एकही रजा मिळायची नाही. आता त्याला १० दिवस मिळतात.

४. रजा मोजायची कशी? सोपं करून सांगा भाऊ.

वर्षात प्रत्यक्ष काम केलेले दिवस घ्या आणि २० ने भागा. उत्तरात अर्धा किंवा अर्ध्याहून जास्त उरला तर पूर्ण दिवस धरा, कमी उरला तर सोडून द्या.

२८७ दिवस काम: १४.३५, म्हणजे १४ रजा.
२८९ दिवस काम: १४.४५, म्हणजे १४ रजा.
२९० दिवस काम: १४.५, म्हणजे १५ रजा.

एका दिवसाने एक रजा जाते. म्हणून डिसेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात मी लोकांना म्हणायचो, आधी आकडा विचारून घ्या आणि मग खाडा करा. १८ वर्षांखालच्या कामगाराला २० ऐवजी १५ दिवसांना एक रजा मिळते.

५. ले-ऑफ, बाळंतपण, घेतलेली रजा हे दिवस कामात धरतात का?

इथेच सगळ्यात जास्त गोंधळ होतो. १८० दिवस भरले की नाही हे बघताना ले-ऑफ (काम नसल्यामुळे मालकाने घरी बसवलेले दिवस), बाळंतपणाची रजा आणि घेतलेली पगारी रजा हे तिन्ही धरतात. पण रजा किती झाली हे मोजताना, म्हणजे २० ने भागताना, ते धरत नाहीत.

उदाहरण घ्या. तुम्ही १५३ दिवस काम केलं, १५ दिवस कापूस नसल्यामुळे ले-ऑफवर होता आणि १४ दिवस रजेवर. बेरीज १८२, म्हणजे अट पूर्ण झाली. पण रजा १५३ वरच निघणार: ७.६५, म्हणजे ८ दिवस.

जुन्या कायद्यात बाळंतपणाचे फक्त १२ आठवडे धरायचे. संहितेच्या कलमात ही मर्यादा नाही. २६ आठवडे रजेवर राहिलेल्या ताईंसाठी हा फरक मोठा आहे.

आजारपणात ईएसआयकडून (कामगार विमा योजनेकडून) पैसे मिळालेले दिवस या यादीत नाहीत. ते ना अटीत धरले जातात, ना रजेत. कंपनीच्या स्थायी आदेशात (नोकरीच्या लेखी नियमांत) किंवा युनियनच्या करारात त्याहून चांगलं काही लिहिलं असेल तर ते लागू होतं.

६. मित्र सांगतो, कोर्टाने रविवारही धरायला सांगितलेत. मग माझे रविवार का धरत नाहीत?

मित्र चूक सांगत नाही, पण तो वेगळ्या हिशोबाबद्दल बोलतोय. १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पगारी साप्ताहिक सुट्ट्या आणि इतर पगारी सुट्ट्या २४० दिवसांत धरायला सांगितलं. तो निकाल औद्योगिक विवाद कायद्याखाली, कामावरून कमी करताना बघायच्या सलग सेवेबद्दल होता. रजेचा हिशोब प्रत्यक्ष केलेल्या कामावर चालतो. दोन्हीकडे २४० हा आकडा होता, त्यामुळे लोक दोन्ही एकच समजतात. कामावरून काढलं असेल तर तो निकाल जरूर हाताशी ठेवा.

७. मी १ जुलैला लागलो. १८० दिवस कुठून भरतील?

तुम्हाला १८० ची अट नाही. १ जानेवारीनंतर नोकरी लागली तर वर्षाचे उरलेले दिवस मोजायचे आणि त्याच्या एक चतुर्थांश काम झालं की पुरे. १ जुलै ते ३१ डिसेंबर १८४ दिवस होतात, त्याचा चौथा हिस्सा ४६. तुम्ही १५० दिवस काम केलं असेल तर ७.५, म्हणजे ८ रजा. जुन्या कायद्यात हीच अट दोन तृतीयांश होती, म्हणजे १२३ दिवस भरावे लागायचे.

८. जिनिंगमध्ये हंगामापुरतं काम असतं. दिवाळीच्या आसपास लागतो, मार्च-एप्रिलला बंद होतं. आम्हाला रजा कधीच मिळत नाही का?

मिळते. पण मागितल्याशिवाय फारसं कोणी देत नाही. हा प्रश्न मला सगळ्यात जास्त जणांनी विचारला आहे, म्हणून नीट मांडतो.

समजा तुम्ही १ नोव्हेंबरला नव्याने लागलात. डिसेंबरअखेरपर्यंत ६१ दिवस उरतात. त्याचा चौथा हिस्सा सव्वापंधरा, म्हणजे १६ दिवस काम पुरे (नियम प्रश्न ७ मध्ये). तुम्ही ५० दिवस काम केलं, तर २.५, म्हणजे ३ रजा.

मग जानेवारी लागला. नवं वर्ष, नवा हिशोब. १५ एप्रिलपर्यंत तुम्ही ८४ दिवस काम केलं आणि जिनिंग बंद झालं. १८० भरले नाहीत. इथे बहुतेकांना "तुमचं काही बसत नाही" असं सांगून परत पाठवतात. पण कामावरून कमी केलं की दिवसांची अट उरत नाही. जेवढं काम केलं त्या प्रमाणात रजेचे पैसे द्यावेच लागतात. ८४ भागिले २० म्हणजे ४.२, म्हणजे ४ दिवस.

आधीचे ३ आणि हे ४ मिळून ७ दिवस झाले. रोज ६०० पडत असेल तर ४,२०० रुपये. हंगामानंतर घरी जाताना हे पैसे हातात असायला हवेत.

यात एक खाच आहे. हंगाम संपल्यावर हिशोब करून नाव कमी केलं, की "पुढच्या दिवाळीला ये" म्हणून नाव मस्टरवर तसंच ठेवलं? नाव तसंच असेल तर तुम्हाला काढलेलं नाही. मग वरचे ४ दिवस एप्रिलमध्ये मिळत नाहीत. पुढच्या नोव्हेंबर-डिसेंबरचे ५० दिवस त्यात मिळवून एकूण १३४ होतात, ते १८० च्या खाली राहतात आणि त्या वर्षी रजा बसत नाही. नाव चालू असल्याने नव्याने लागलेल्याची चौथ्या हिश्श्याची सवलतही मिळत नाही.

काही मालक सोयीप्रमाणे दोन्ही सांगतात. रजा मागितली की "तुझी नोकरी चालू आहे" आणि जुनी सेवा धरा म्हटलं की "तू दरवर्षी नवा लागतोस". मोबाइलवर पीएफचं पासबुक उघडा. सोडल्याची तारीख दरवर्षी पडते का बघा. दोन्हीपैकी खरं काय ते तिथे दिसतं.

९. रजेच्या दिवसाचा पगार किती धरायचा? आमच्याकडे महिन्याचा पगार ३० ने भागतात.

टाइम ऑफिसात आम्ही जुन्या कायद्याच्या कलम ८० प्रमाणे काढायचो. रजेच्या आधीच्या महिन्यात मिळालेला पूर्णवेळ पगार महागाई भत्त्यासह घ्यायचा, ओव्हरटाइम आणि बोनस वगळायचा आणि त्या महिन्यात काम केलेल्या दिवसांनी भागायचं.

समजा मार्चमध्ये २४ दिवस काम केलं, पगार १५,६०० आणि ओव्हरटाइम २,१०० वेगळा. ओव्हरटाइम सोडला. १५,६०० भागिले २४ म्हणजे ६५०. हाच रजेचा रोज. ३० ने भागलं तर ५२० येतात. सहा दिवसांच्या रजेत ७८० रुपयांचा फरक पडतो.

नव्या संहितांमध्ये "वेतन" शब्दाची व्याख्या बदलली आहे. मूळ पगार आणि महागाई भत्ता वेतनात येतात. घरभाडं, प्रवास वगैरे भत्ते वगळतात, पण वगळलेले भत्ते एकूण मोबदल्याच्या निम्म्याहून जास्त असतील तर वरची रक्कम वेतनात परत मिळवायची. एकूण १८,०००, त्यात मूळ अधिक महागाई ७,००० आणि बाकी ११,००० भत्ते असतील, तर निम्मे म्हणजे ९,००० च्या वरचे २,००० वेतनात येतात आणि वेतन ९,००० होतं. मूळ पगार मुद्दाम बारीक ठेवून भत्ते फुगवलेल्या स्लिपा मी शेकड्यांनी पाहिल्या आहेत. त्या कामगारांना याचा फायदा होईल.

उक्त्यावर, म्हणजे नगावर किंवा किलोवर काम करणाऱ्यांनाही रजा आहे. नंदुरबारकडे मिरचीचे देठ खुडणाऱ्या बायकांनी हे खास विचारलं होतं. त्यांचाही रोज असाच सरासरीने निघतो. अर्थात प्रश्न २ मधली कामगारसंख्येची अट तिथे पूर्ण व्हायला हवी.

१०. कानबाईसाठी शनिवार ते मंगळवार गावी गेलो. रजा चार दिवस कापल्या. बरोबर आहे का?

बरोबर नाही. कानबाई ही खान्देशातली देवी, ती रविवारी बसते आणि सोमवारी तिचं विसर्जन असतं, त्यामुळे मधे रविवार येणारच. रविवार तुमची साप्ताहिक सुट्टी असेल तर रजा तीनच: शनिवार, सोमवार, मंगळवार. रजेच्या आधी, नंतर किंवा मधे येणारी सुट्टी रजेत मोजायची नाही, हे जुन्या कायद्यात होतं आणि नव्यातही आहे. "दोन्ही बाजूंनी रजा घेतली तर मधला रविवार कापू" अशी पाटी मी एका गेटवर पाहिली आहे. पगारी रजेला तो नियम चालत नाही.

११. होळीला गावी जायचं म्हटलं की रजा नाकारतात. काय करायचं?

धडगाव, अक्कलकुव्याकडच्या माणसाला होळी म्हणजे काय असते हे मैदानातल्या साहेबाला सांगून समजत नाही. पण साहेबाचीही अडचण असते. एका शिफ्टमधले पंधरा जण एकाच आठवड्यात गेले तर मशीन बंद पडतं. म्हणून अर्ज लवकर द्या. जुन्या कायद्यात निदान १५ दिवस आधी लेखी अर्जाची अट होती आणि बहुतेक ठिकाणी आजही तीच पद्धत चालते. अचानक आजारी पडल्यास ती मुदत लागू नव्हती.

आता महत्त्वाचं. रजा मागितली आणि नाकारली, तर ती बुडत नाही. शिल्लक पुढे नेण्याची ३० दिवसांची मर्यादाही (प्रश्न १२) तिला लागत नाही, ती कितीही साठते. पण नाकारल्याचा कागद हवा. मी जिथे पहिल्यांदा नोकरीला लागलो, तिथे अर्ज ड्रॉवरमध्ये टाकायचे. मंजूर नाही, नामंजूर नाही, शेरा नाही. डिसेंबर संपला की रजिस्टरवर "कामगाराने रजा घेतली नाही" असं लिहून वरच्या रजा रद्द करायचे. ते लिहायचं काम माझ्याकडे होतं. मी एकोणीस वर्षांचा होतो आणि लिहीत गेलो. आज त्याची खंत वाटते.

म्हणून अर्जाची दुसरी प्रत काढा आणि तिच्यावर तारखेसह सही घ्या. सही देत नसतील तर अर्जाचा फोटो साहेबाच्या व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवा, नाहीतर रजिस्टर पोस्टाने पाठवून पावती जपा.

१२. वर्षअखेरीस शिल्लक रजांचं काय होतं? पैसे मिळतात का?

३० पर्यंत पुढच्या वर्षात जातात. नव्या संहितेत दोन गोष्टी वाढल्या आहेत. वर्ष संपताना तुम्ही मागणी केली तर रजेचे पैसे घेता येतात आणि एकूण शिल्लक ३० च्या वर गेली तर वरच्या रजांचे पैसे घेण्याचा हक्क आहे. मागची शिल्लक २७ आणि यंदाच्या १४ म्हणजे ४१. यातल्या ३० पुढे जातील आणि ११ चे पैसे घेता येतील.

"आपोआप बुडाल्या" हे उत्तर आता कोणाचंही ऐकून घेऊ नका. मागणी मात्र लेखी करा.

१३. मी ठेकेदाराकडे आहे. कंपनी म्हणते ठेकेदाराला विचार, ठेकेदार म्हणतो कंपनीला विचार.

रजा देण्याची जबाबदारी ठेकेदाराची, कारण तुमचा मालक तो आहे. त्याने वेतन बुडवलं तर ते देण्याची जबाबदारी मूळ कंपनीवर येते. दर अकरा महिन्यांनी ठेकेदार बदलून माणसं तीच ठेवली, तर प्रत्येक बदलाला जुन्या ठेकेदाराने रजेचा हिशोब चुकता करायला हवा. तो कसा निघतो ते प्रश्न १४ मध्ये आहे.

१४. नोकरी सोडली किंवा काढलं तर रजेचे पैसे कधी मिळतात? माणूस वारला तर?

सोडली, कमी केलं किंवा बडतर्फ केलं तरी दुसऱ्या कामाच्या दिवसाच्या आत. निवृत्ती किंवा मृत्यू असेल तर दोन महिन्यांच्या आत. मृत्यूनंतर पैसे वारसाला किंवा नॉमिनीला मिळतात. १८० दिवस भरलेले नसले तरी पैसे मिळतातच. चोरीच्या आरोपावरून काढलेल्या माणसालाही कमावलेल्या रजेचे पैसे मिळतात, हे ऐकून काही मालक चिडतात. पण ती त्या आरोपाच्या आधी केलेल्या कामाची मजुरी आहे.

१५. मी सराफाच्या दुकानात आहे. आमचे नियम वेगळे आहेत का?

दुकानांसाठी राज्याचा २०१७ चा दुकाने व आस्थापना अधिनियम आहे. त्यात वर्षाला ८ दिवस किरकोळ रजा मिळते. ती तिमाहीला जमा होते आणि वर्षाअखेर वापरली नाही तर जाते. शिवाय ८ पगारी सुट्ट्या असतात: २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर आणि मालक-कामगारांनी मिळून ठरवलेल्या चार. जळगाव-धुळ्यात या चारांत आखाजी जरूर मागा. अर्जित रजा २० दिवसांना एक, अट २४० दिवसांची आणि साठवण्याची मर्यादा ४५.

हा कायदा सुरुवातीला १० कामगारांपासून लागू होता. २०२५ मध्ये राज्याने अध्यादेश काढून तो आकडा २० वर नेला.

१६. मी सालदार (वर्षाच्या बोलीवर शेतात राबणारा) आहे. वर्षाची रजा मलाही मिळते का?

हा प्रश्न एकाने यावल तालुक्यातून विचारला आणि उत्तर देताना मला वाईट वाटलं. शेतीकामाला कारखान्याचे हे नियम लागू नाहीत. किमान वेतन शेतमजुराला लागू आहे, पण पगारी रजेचं असं कलम तुमच्यासाठी नाही. सालदारकी आखाजीला ठरते, ती आखाजी ते आखाजी चालते. म्हणून जे हवं ते त्याच दिवशी बोलून घ्या: महिन्याला किती सुट्ट्या, पोळ्याला आणि दिवाळीला किती दिवस, आजारी पडलात तर पैसे कापणार की नाही. दोन साक्षीदारांसमोर वहीत लिहून घ्या. तोंडी बोलणं भादव्यापर्यंत कोणाच्या लक्षात राहत नाही.

केळीच्या बागेत न राबता केळी पिकवण्याच्या, पॅकिंगच्या किंवा पावडरच्या युनिटमध्ये काम करत असाल तर गोष्ट वेगळी. तिथे प्रश्न २ बघा.

१७. मालकाच्या रजिस्टरमध्ये दिवस कमी दाखवलेत. मी काय पुरावा देणार?

पगार स्लिप, पीएफ-ईएसआयची नोंद, बँकेत पडलेला पगार, गेटवरची वही. नव्या संहितेत प्रत्येकाला नेमणूक पत्र द्यावं लागतं, ते मागून घ्या. तक्रार जिल्ह्याच्या कामगार कार्यालयात करा. कारखाना असेल तर औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालयाच्या अधिकाऱ्याकडेही अर्ज देता येतो.

आणि स्वतःची नोंद ठेवा. जुन्या कायद्याच्या काळात एका दालमिलमधल्या ताई माझ्याकडे भिंतीवरचं कॅलेंडर गुंडाळून घेऊन आल्या. प्रत्येक चौकोनात वरच्या कोपऱ्यात दुधाचं माप आणि खाली पेन्सिलीने "ह". खाडा असेल तिथे काट. ओल्या हाताने लिहिल्यामुळे काही अक्षरं फुटली होती. आम्ही दोघांनी तीनदा मोजलं, २४६ भरले. मालकाच्या रजिस्टरमध्ये २३१ होते, म्हणजे २४० च्या खाली आणि रजा शून्य. मधले पंधरा दिवस त्यांना त्याच मालकाच्या दुसऱ्या शेडमध्ये धाडलं होतं आणि तिथल्या वॉचमनच्या वहीत त्यांचं नाव रोज होतं. ती वही समोर आल्यावर बारा दिवसांची रजा मंजूर झाली.

कॅलेंडरवर लिहिताना कामाचा दिवस, खाडा, ले-ऑफ आणि रजा यांना चार वेगळी अक्षरं ठेवा. ज्या दिवशी दुसऱ्या शेडमध्ये किंवा दुसऱ्या युनिटला पाठवलं, त्या चौकोनात तिथलं नाव लिहा. वर्ष संपलं की ते कॅलेंडर रद्दीत देऊ नका, पगाराच्या कागदांसोबत ठेवा.